हप्ता तोच आहे

१४ जून २००४
शाळा उघडली. पहिल्या तासाआधीच स्टाफरूममध्ये पेढे वाटले. घराचं कर्ज मंजूर! सहा लाख, पंधरा वर्षं, साडेसात टक्के. हप्ता ५,५६२. घोटावडे फाट्याजवळची नवी इमारत, दुसरा मजला, वन बीएचके. बार्शी सोडल्यापासून सोळा वर्षं पत्र्याच्या खोलीत काढली.
कुलकर्णी बाईंनी विचारलं, एकूण किती जाणार? फळ्यावर करूनच दाखवलं. हप्ता गुणिले १८०, बरोबर १०,०१,१६०. म्हणजे व्याज चार लाख. जून २०१९ ला कर्ज संपलं, मे २०२० ला मी निवृत्त. बाई म्हणाल्या, गणिताचा माणूस घरात असला की बरं असतं. फुललो. खोटं कशाला लिहू.
बँकेत विचारलं होतं, दर स्थिर हवा की बदलता. स्थिर दीड टक्क्याने महाग. बदलता घेतला. दर उतरतायत असं सगळेच म्हणतात.

१६ जून २००४
शाळेचे शिपाई देवकर फळा पुसायला आले आणि माझं गणित बघत उभे राहिले. माणूस इथलाच, घोटावड्याचा. हिश्श्याची जमीन कंपनीला गेली, तिचे अडीच लाख हातात. आमच्याच इमारतीत तळमजल्याला वन आरके आहे, साडेतीन लाखांची.
"लाखभर काढू का कर्ज, सर? लई वज्जं नको वाटतं."
मी हसलो. म्हटलं, देवकर, स्वतःचे पैसे घालायचे दिवस गेले. पन्नास हजार भरा, दोन लाख पाच वर्षं एफडीत टाका, तीन लाख कर्ज काढा. एफडीला व्याज मिळतं, कर्जावर टॅक्स वाचतो. हप्ता माझ्या निम्मा, २,७८१.
"तुमी म्हंताय म्हंजी झालं."
घरी सुषमाला सांगितलं. ती म्हणाली, त्यांचं ते ठरवतील की. तुम्ही कशाला?

९ जानेवारी २००६
बँकेचं पत्र. दर साडेआठ. पण खाली लिहिलंय, मासिक हप्त्यात बदल नाही. मग काय! विम्याच्या फाइलीत लावून टाकलं.
देवकर त्यांचं पत्र घेऊन आले. "इंग्रजीत हाय, सर. काय लिव्हलंय?"
"काही नाही. हप्ता तोच आहे."

१२ एप्रिल २००७
तिसरं पत्र. यावेळी सव्वा अकरा. वाचलं नाही पुरतं. 'नो चेंज इन ईएमआय' एवढं शोधलं आणि ठेवून दिलं.
आमच्या शिक्षक पतसंस्थेचं कसं, पगारपत्रकात कपात दिसते, इतके हप्ते झाले, इतके राहिले. कपात तीच म्हणजे कर्ज ठरल्या दिवशी संपणार. वीस वर्षं हेच बघतोय. स्टाफरूममध्ये सगळे पगारपत्रकच बघतात, खालचा आकडा बदलला नाही म्हणजे सगळं ठीक.
सु. म्हणाली, पत्रं दाखवत नाही तुम्ही. म्हटलं, दाखवण्यासारखं काही नाही त्यात. तीही कर्जदार आहे, सही आहे तिची. तरी असं बोललो.

१८ सप्टेंबर २००८
हे लिहावं की नाही.
रजिस्टर पत्र आलं होतं. कर्जाची मुदत निवृत्तीच्या पुढे जाते आहे, शाखेत येऊन भेटा. मला वाटलं यांच्याकडे जन्मतारीख चुकली. दाखला घेऊन गेलो, जरा तोऱ्यातच गेलो.
काउंटरला पंचविशीची मुलगी. तिने पडदा माझ्याकडे वळवला. शिल्लक मुद्दल ५,३६,१७५.
म्हटलं, अहो, चार वर्षं भरतोय. पन्नास हप्ते.
"हो सर. दोन लाख अठ्ठ्याहत्तर हजार आलेत. त्यातले त्रेसष्ट हजार मुद्दलात गेले. बाकी व्याज."
"पण हप्ता तोच आहे."
"हप्ता तोच आहे म्हणूनच सर. दर वाढला की हप्ता वाढवतो किंवा मुदत वाढवतो. तुमची मुदत वाढवत गेलो. प्रत्येक पत्रात दिलंय."
आता सव्वा बारा टक्के. ५,५६२ मधले मुद्दलात जातात एकोणनव्वद रुपये. असंच चाललं तर अजून चौतीस वर्षं. मी ऐंशीचा होईन.
ती म्हणाली, हप्ता ७,१९१ केला तर निवृत्तीपर्यंत बसतंय, अर्ज देऊ का? म्हटलं, घरी विचारून सांगतो. "सर, तुम्ही काय करता?" शिक्षक, म्हटलं. कोणता विषय ते तिने विचारलं नाही. मी इतिहासच सांगितला असता.

१९ सप्टेंबर २००८
ऑफ तासाला बसून स्वतः केलं. तिचंच बरोबर. चौतीस वर्षं धरली तर सहा लाखांचे साडेपंचवीस लाख.
फाइलीतली चारही पत्रं काढली. प्रत्येकात तिसऱ्या ओळीत सुधारित मुदत. १८० च्या जागी आधी दोनशेच्या पुढे, मग तीनशेच्या, शेवटच्यात साडेचारशेच्या. हे शिकवून पोट भरतो मी.
सु. ने विचारलं, बँकेत काय काम होतं? जन्मतारखेचा घोळ, म्हणालो.
दुपारी देवकर घंटा देऊन व्हरांड्यात पाणी पीत होते, तेव्हा लख्ख आठवलं. टॅक्स वाचतो! देवकरांना टॅक्स कुठे आहे? शिपायाच्या पगाराला टॅक्स लागतच नाही. मी माझ्या चपला त्यांच्या पायात घातल्या. त्यांच्याकडे रोख होती, त्यांना लाखच हवे होते, मी तीन काढायला लावले. चारचौघांत, फळ्यासमोर, हसून.

२ डिसेंबर २००८
आठवी ब. चक्रवाढ व्याज. तीन वर्षं, दर दहा, मुद्दल दहा हजार. नेहमीचं उदाहरण. मागच्या बाकावरची मुलगी उभी राहिली. "सर, दर मधीच बदलला तर?"
म्हटलं, परीक्षेत येत नाही.
ती बसली. मी फळ्याकडे तोंड करून बराच वेळ लिहीत राहिलो.
अर्ज अजून दिला नाही. सहावा वेतन आयोग लागला की वाढवू हप्ता, असं मनाशी म्हणतो. अर्ज दिला की पगारातली हप्त्याची कपात बदलणार, कपात बदलली की सु. विचारणार.

२१ जानेवारी २००९
देवकर खुशीत. ऑगस्टमध्ये एफडी सुटते, मुलाला, सचिनला, जुना टेम्पो घेऊन द्यायचाय. घोटावड्याच्या कारखान्यांना माल ने-आण करायला. "तुमच्यामुळं पैसं ऱ्हायले, सर. न्हाईतर घरातच गेलं असतं सगळं."
आत्ता सांगायला हवं होतं. एफडी मोडा, कर्जात भरा, टेम्पो नंतर. तोंडापर्यंत आलं. म्हणालो, "चांगलं आहे. इंजिन बघून घ्या."
इंजिन!

२७ मार्च २००९
हल्ली मागच्या जिन्याने येतो-जातो, म्हणजे देवकरांच्या दारावरून जावं लागत नाही. तिथे पाण्याची मोटर आहे, चिखल असतो, रोज चपला भरतात. सु. म्हणाली, पुढचा जिना काय वाईट आहे? तिच्यावरच खेकसलो.
देवकरही पूर्वीसारखे पत्र वाचायला घेऊन येत नाहीत. मला बरंच वाटतं. बरं वाटतं याचीही लाज वाटते. इतकी वर्षं लोक माझ्याकडे फॉर्म भरायला, व्याज काढायला येतात आणि मला ते आवडतं. त्या आवडीपायीच हे सगळं झालं. कर्ज बँकेने दिलं, पण सल्ला मी फुकट वाटला.

३० जुलै २००९
सांगितलं.
एफडी सुटायला आठवडा उरलेला. मधल्या सुट्टीत प्रयोगशाळेत बोलावलं, दार लोटलं, एका दमात बोललो. मुदत, दर, टॅक्सची माझी चूक, सगळं. म्हटलं, देवकर, टेम्पो घेऊ नका, आधी कर्जात भरा. मी चुकीचं सांगितलं तुम्हाला. पाच वर्षांपूर्वी चुकलो आणि गेलं वर्षभर गप्प बसलो.
ते चंचुपात्रं पुसत होते, थांबले नाहीत.
"भरलं, सर. मार्चमदीच. एफडी मोडली."
म्हटलं, पण कळलं कसं?
"आमच्या मंडळीनं वाचलं पत्र. सातवी झालीय ती. इंग्रजी येत न्हाई, पर आकडं येत्यात. म्हनली, आधी एकशे ऐंशी व्हतं, आता साडेचारशे कसं झालं? गेली बँकेत. अडीच लाख भरलं. आता सातेक हजार ऱ्हायलंत, दोन-तीन हप्त्यांत फिटंल."
"आणि सचिनचा टेम्पो?"
"ऱ्हायला. कंपनीत लागलाय हेल्पर म्हनून." पुढचं चंचुपात्र उचलत म्हणाले, "नाराज हाय थोडा. बोलत न्हाई माज्याशी नीट."
म्हटलं, मला का नाही सांगितलंत?
"तुमाला काय सांगायचं, सर? आमाला वाटलं तुमाला म्हाईतच आसंल. मग तुमी मागच्या जिन्यानं जाया लागला. मंडळी म्हनली, सरांना वाईट वाटलंय, आपुन इषय काढायचा न्हाई."
म्हणजे मी वर्षभर त्यांच्यापासून लपत होतो आणि ते मला लपू देत होते. दोघंही नवराबायको. जिन्यावर पाय वाजले की आत जात असतील.
निघताना देवकर म्हणाले, "घरी बी बोला, सर. मंडळी एकली न्हवती गेली बँकेत. वैनी व्हत्या संगं."

३१ जुलै २००९
बोललो नाही. सु. ने भाजी वाढली, मी जेवलो. तिच्याकडे बघवत नव्हतं. मार्चपासून माहीत आहे तिला. पाच महिने रोज विचारते, शाळेत काय झालं? आणि मी रोज शाळेतलं सांगतो.
ठरवलं, आधी बँकेत जाऊन हप्ता वाढवून येतो, मग बोलतो. निदान काहीतरी निस्तरून जावं. (हेही पळणंच आहे, कळतंय.)

४ ऑगस्ट २००९
अर्धी रजा टाकली. तीच मुलगी काउंटरला. मी माझा कागद काढला, शिल्लक ५,३५,१४९, रुपयापर्यंत काढून नेली होती. यावेळी तरी चुकायचं नव्हतं.
ती म्हणाली, "नाही सर. पाच लाख सत्तावीस हजार चारशे चौऱ्याण्णव."
पुन्हा केलं. तिच्यासमोर, तिच्याच कॅल्क्युलेटरवर. माझं बरोबर येत होतं. साडेसात हजारांचा फरक कुठून? तिने उतारा छापून दिला. मार्चपासून दर महिन्याच्या दहा तारखेला, रोख १,५००. पाच वेळा.
"मॅडम येतात ना भरायला. तुमच्यासोबत को-ॲप्लिकंट आहेत त्या."
हिंजवडीत कंपनीत काम करणारी चार पोरं वरच्या मजल्यावर राहतात, सु. त्यांना डबे देते. ते पैसे भिशीत जातात असं मी धरून चाललो होतो. कधी विचारलं नाही.
अर्जावर सही केली. नवा हप्ता ७,३४७. वर्षभरापूर्वी ७,१९१ होता. गप्प बसण्याची किंमत अशी महिन्याला वेगळी लागते.

घरी आलो. पुढच्या जिन्याने. ती कणीक मळत होती. उतारा ओट्यावर ठेवला.
बघितला तिने. हात धुतले.
"वाढवला हप्ता?"
"हो."
"बरं केलं."
"तू बोलली का नाहीस, सुषमा?"
"तुम्ही सांगाल म्हणून थांबले होते." हात पुसत म्हणाली, "आधी वाटलं आठवड्यात सांगतील. मग वाटलं परीक्षा झाल्यावर. मग मी मोजायचं सोडून दिलं."
ती रडली असती, भांडली असती तर मला सोपं गेलं असतं. मीच बोलत सुटलो. दर, मुदत, बँकेची पत्रं कशी बारीक अक्षरात. ती ऐकत होती. मग म्हणाली, "ते राहू दे. एकूण किती जाणार ते सांगा. खरं."
दर असाच राहिला तर तेरा लाख, म्हटलं.
"आणि नाही राहिला तर?"
"माहीत नाही."
चोवीस वर्षांच्या संसारात आकड्याच्या प्रश्नाला मी असं उत्तर दिलं नव्हतं. तिने मान हलवली आणि परातीकडे वळली.

५ ऑगस्ट २००९
सकाळी डबा भरताना म्हणाली, पत्रांची फाइल द्या. पुढची पत्रं मी उघडणार.
दिली. तिने ती तांदळाच्या डब्याशेजारी, तिच्या हाताशी येईल अशी ठेवली. त्यानंतर दिवसभरात ती माझ्याशी कामापुरतंच बोलली. दहा तारखेला ती बँकेत जाणार आहे का, हे विचारायचं धाडस अजून झालेलं नाही.