'काहून'चा कानून

राइट टाउन, जबलपूर
रविवार, ९ फेब्रुवारी २०२५

ती. अनुपमदादास,

साष्टांग नमस्कार. इकडे आम्ही दोघं ठणठणीत. बाबा चौऱ्याऐंशीचे झाले, तरी पोह्यांवर शेव कमी पडली की अजून माझी हजेरी घेतात. तू आणि वहिनी मजेत असाल. पत्र बघून दचकू नकोस, कोणी गेलेलं नाही. उलट आनंदाची बातमी आहे. मी लिहिलेला सिनेमा तेवीस तारखेला, रविवारी दुपारी, आपल्या जबलपुरात दाखवणार आहेत!

हा तिसरा. पहिला बारा लोकांनी पाहिला, त्यातले पाच माझ्याच शाळेचे शिक्षक. दुसऱ्यात पडद्यावर माझं नाव 'सुनेत्र' असं पडलं आणि एका समीक्षकाने 'या तरुण लेखकाचं' भरभरून कौतुक केलं. तेव्हा मी सत्तेचाळीस वर्षांची होते. कॉलनीत मात्र सगळ्यांना वाटतं मी सिरियल लिहिते. शेजारच्या बेबीताई तर त्या सुनेला कधी मारणार म्हणून मलाच विचारतात.

तिसऱ्याची गंमत ऐक. पटकथा कमानिया गेटजवळ टाइप करायला दिली होती. टाइप करणारे भैया हिंदीतले, भला माणूस. त्यांना आपल्या बोलीतला 'का' या अर्थाचा 'काहून' हा शब्द चुकलेला वाटला, म्हणून त्यांनी अठ्ठावीस ठिकाणी स्वतःहून 'कानून' करून ठेवला. मी न वाचताच पुण्याला पाठवली. बापाचं काम करणाऱ्या नटांनी वाचनाच्या वेळी गंभीरपणे विचारलं, "मी वकील आहे का?"

दिग्दर्शक अजिंक्य म्हणाला, सरळ 'का' करू, लोकांना कळेल. इतक्या वर्षांत मी पहिल्यांदा अडून बसले. म्हटलं, 'का'मध्ये नुसता जाब असतो, 'काहून'मध्ये काकुळत असते. शेवटी बेबीताईंनी त्या नटांना आठवडाभर फोनवर एकच वाक्य घोटवलं, "काहून चालला बाबू?" आता ते पुण्यात भाजीवाल्यालाही काहून म्हणतात.

बाबू म्हटल्यावर तू ओळखलं असशील. सिनेमात एक मुलगा बापाशी भांडून घर सोडतो. हो, तूच तो. रागावायचं तर आत्ताच रागावू नकोस, पुढे आणखी आहे. इतका वेळ मी तेच सांगायचं टाळते आहे.

तू बॅग घेऊन उतरलास तेव्हा बाबा आतून म्हणाले होते, "काहून चालला बाबू?" तू जिन्यात होतास, तुला ऐकू गेलं नसेल. मग मला म्हणाले, "जा बाई, थांबव त्याले." मी जिन्यापर्यंत गेले. तू खाली ऑटोवाल्याशी बोलत होतास. एक हाक पुरली असती. मी मारली नाही. तू गेलास की खिडकीजवळचं टेबल माझं होईल, एवढंच डोक्यात आलं. आत येऊन सांगितलं, दादा थांबला नाही.

अठरा वर्षं तू समजतोस की त्यांनी अडवलं नाही आणि ते समजत होते की तू ऐकलं नाहीस. दसरा-दिवाळीला दोन मिनिटं फोन, बस. तिन्ही सिनेमे मी त्याच टेबलावर लिहिले. मला लाज वाटते, दादा.

गेल्या आठवड्यात बाबांना सगळं सांगून टाकलं. त्यांनी आपला रुमाल माझ्यापुढे धरला. मग म्हणाले, "अन् तू काहून रडून राहिली? त्याले लिही."

तेव्हापासून त्यांची स्वारी खुशीत आहे. पहिल्या रांगेत आपल्या शेजारच्या खुर्चीवर टाकायला त्यांनी रुमाल इस्त्री करून ठेवला आहे. दोन आठवडे आधी! बेबीताई बाबांना म्हणाल्या, भय्यासाहेब, एवढ्यात कोणी जागा पळवत नाही. तर म्हणाले, असू द्या.

सिनेमात बहीण हाक मारते आणि तिथेच सिनेमा संपतो. भाऊ वळतो की नाही, ते लिहिणं माझ्या हातात नव्हतं. हाक माझ्या हातात होती, ती आज मारते.

दादा, थांब. बाबा बोलावून राहिले.

अजून जिन्यातच उभी असलेली,
तुझी सुनेत्रा