कॅलेडियम आणि कावळा

धुळे, १२ सप्टेंबर २०२५

ती. कोकिळाअक्कांस नूतनचा सा. न., वि. वि.

तुमचा पाय प्लास्टरात, म्हणून दादांचं पहिलं पित्तर तुमच्या दिरांनी इथेच घातलं. फोनवर सांगता येईना, आबा जवळच बसलेले असतात. अक्का, कावळा शिवलाच नाही. एकाने वडी चोचीत धरली, टाकली आणि उडाला. वहिनीला अंतर देणार नाही, असं यांनी हात जोडून सांगितलं, तरी नाही. शेवटी दर्भाचा कावळा केला.

जेवताना आबांचे ओठ सुजले, आम्हा सगळ्यांचेच घसे खाजले. डॉक्टरांनी औषध दिलं, आता बरे आहेत. पण माझा प्रेमराज नाराज गेला म्हणतात आणि धड जेवत नाहीत. दादांचं काय राहिलं असेल?

त्यात दादांनी आणलेलं, तुम्ही आमच्याकडे ठेवलेलं तुमचं कॅलेडियमही गेलं. कुंडीत नुसती देठं उरली. शेजारच्या बकरीचंच काम. धरणगावहून आबांच्या बहीण ताईबाई फुई आल्या म्हणून निभावलं. वड्या त्यांनीच केल्या.

पाय जपा, आमच्यावरची माया आटू देऊ नका.
नूतन

जळगाव, १६ सप्टेंबर

चि. सौ. नूतनला अनेक आशीर्वाद.

पत्र वाचून आधी रडले, मग हसले. हे गेल्यापासून एवढी हसले नव्हते.

बकरीला सोड. फुईंना विचार, वड्यांची पानं कुठली? डोळ्यांत मोतीबिंदू आणि हौस दांडगी! कॅलेडियम अळूच्या भावकीतलं, पण खायचं नाही. तोंड सुजतं, हे मी पुस्तकात वाचलंय. ज्यांनी ते झाड एसटीत मांडीवर धरून आणलं, त्यांच्याच ताटात त्याची वडी! कावळ्याला कळलं, तुम्हाला नाही.

आबांना हे वाचून दाखव. यांचं काही राहिलं नव्हतं. माझं राहिलंय, पण ते कावळ्याने शिवण्यासारखं नाही.

सर्वपित्रीला बाजारातलं अळू आण. कुंडी टाकू नकोस, खाली कंद असेल.

सगळ्यांना माझी आठवण दे, तूही ठेव.
कोकिळा

धुळे, २२ सप्टेंबर

ती. अक्कांस सा. न.

तुमचं खरं निघालं. फुई म्हणाल्या, शहरना लोके कुंडीमा बी अळू लावतस, म्हणून खुडलं! आबांनी बहिणीला आंधळी म्हटलं, पोट धरून हसले आणि भाकर मागितली.

काल सर्वपित्रीला पान पुरतं ठेवलंही नव्हतं, तोच कावळ्याने वडी उचलली. हे गच्चीवरच बसून रडले.

कुंडीत एक गुंडाळलेलं पान वर आलंय. फुई त्याला प्रेमराज म्हणतात आणि कुणाला हात लावू देत नाहीत.

प्लास्टर निघालं की या. वाट पाहतो.
तुमची नूतन