चांदणीच्या कासवाचे पाय

बाई, परवा एका कासवाचे पाय बघताना तुमची आठवण झाली आणि खरं सांगते, आधी रागच आला. तुम्ही जाऊन इतकी वर्षं झाली, आता रागावून कोणाचं काय भलं होणार आहे? पण आला. म्हणून लिहायला बसलेय. वयाने मी आता तुमच्या तेव्हाच्या वयाच्याही पुढे गेलेय, तरी हाक तीच, बाई.

आपल्या डोंबिवलीच्या शाळेमागे विहीर होती. विहिरीत कासव हवं, म्हणजे पाणी स्वच्छ राहतं, असं तेव्हा सगळेच म्हणायचे. विज्ञान शिकवत असूनही तुम्ही पण म्हणायचात. वर्गातल्या एका मुलीच्या वडिलांनी कुठूनसं एक आणून दिलं. उंच, घुमटासारखी पाठ, काळ्या रंगावर प्रत्येक खणाच्या मधून पिवळ्या रेषा फुटलेल्या, जणू पाठभर चांदण्याच. इतकं देखणं की वर्गभर नुसतं 'अय्या, अय्या' चाललेलं. तुम्ही त्याला हळदकुंकू लावलंत, बादलीत बसवलंत, दोर सोडलात. आम्ही टाळ्या वाजवतोय. मी कठड्यावर पोट टेकून वाकून बघतेय. बादली कलंडते आणि ते पाण्यात पाय मारायला लागतं, मान ताणून, भिंतीवर पुन्हा पुन्हा आपटत. मी ओरडले, "बाई, ते घाबरलंय! वर घ्या ना त्याला." तुम्ही माझी वेणी धरून मागे ओढलंत. "पोहतंय ते. आगाऊपणा नको. कासवाला पोहायला तू शिकवणार आहेस का?" सगळा वर्ग खिदळला. थोड्या वेळाने ते खाली गेलं, आणि तुम्ही म्हणालात, बघा, तळाशी घर केलं त्याने.

आणि त्याच वर्षी आई आजारी पडली तेव्हा शाळा सुटल्यावर मी तुमच्याच स्वयंपाकघरात जेवायचे. ओट्याशेजारी पाटावर बसवून तुम्ही गरम वरणभात वाढायचात, वर तूप, आणि मी नको म्हटलं की डोळे वटारायचात. तुमचं स्वतःचं भिंगही तेव्हाच दिलंत मला. म्हणून तर रागावणं इतकं अवघड होऊन बसलंय. दुसऱ्या कोणी ते कासव विहिरीत सोडलं असतं तर मी कधीच शिव्या घालून मोकळी झाले असते.

हल्ली सुट्टीच्या दिवशी मी प्राणी वाचवणाऱ्या एका ग्रुपबरोबर जाते. तळ्यात, गटारात, बाल्कनीत कुठेही कासव दिसलं की लोक फोटो पाठवतात, आणि ते कुठलं हे मी सांगते. डोळ्यामागे लाल पट्टा असला तर ते परदेशी. रुपयाएवढं असताना हौसेने आणतात, ताटलीएवढं झालं की गुपचूप तळ्यात सोडून देतात, मग ते आपल्या कासवांना खायला ठेवत नाही. पाठ मऊ, वर कातडं चढवल्यासारखी, आणि मागचे पाय आत ओढले की झडपा मिटतात, ते आपलं इथलंच, तळ्यातलं, चिखलातलं. खडवलीच्या भातखाचरांतही सापडतं. पण पाठीच्या नक्षीआधी मी पाय बघते. बोटांमध्ये पडदा असेल तर ते पाण्यातलं. हत्तीसारखे जाड, खुंटासारखे पाय असतील तर जमिनीवरचं, त्याला पाण्यात टाकलं की ते बुडून मरतं. हे मला पहिल्यांदा कळलं तेव्हा मी चांगली पस्तिशी ओलांडलेली बाई होते. ग्रुपमधल्या सगळ्यांमधून उठून बाहेर गेले आणि ढसाढसा रडले.

परवा आमच्या माजिवड्याच्या बिल्डिंगमधल्या काकू टब घेऊन लिफ्टपाशी उभ्या. टबात चांदणीचं कासव, कपाळाला हळदकुंकू. बरकत येते म्हणून घरात पाळलेलं, आता कोणीतरी सांगितलं की हा गुन्हा आहे, म्हणून घाईघाईने तळ्यात सोडायला निघालेल्या. मी म्हटलं, "काकू, हे बुडेल." "काहीतरीच काय गं! कासव कधी बुडतं का? आणि पोलीस दारात आले तर तू येणारेस का सोडवायला?" लिफ्ट आली. मी टबच धरला. त्या "सोड, सोड" म्हणतायत आणि मी सोडत नाहीये, दोघी बायका लिफ्टच्या दारात ओढाताण करतोय. शेवटी माझा आवाज फुटला. म्हटलं, "आमच्या शाळेच्या विहिरीत बुडालंय असंच एक. मी बघितलंय डोळ्यांनी." काकूंचे हात सैल पडले. त्या जिन्याच्या पायरीवर बसल्या, टब मांडीवर घेऊन. मी फोन करून बोलावलेली वनखात्याची माणसं येईपर्यंत त्याला काकडीचे काप भरवत होत्या आणि रडत होत्या.

मध्येच त्यांनी विचारलं, "कोणी टाकलं गं ते विहिरीत?"

मी म्हटलं, "आम्ही पोरींनी. बाई नको नको म्हणत होत्या, आम्हीच ऐकलं नाही."

धडधडीत खोटं बोलले, बाई, आणि जरासुद्धा लाज वाटली नाही. हे पत्र पाठवायला पत्ता नाही, असता तरी पाठवलं नसतं. ते बुडालं हे तुम्हाला कळलं असतं ना, तर तुमच्या घशाखाली घास उतरला नसता.