बाबांचा एकमेव शॉट

१२ मार्च

चि. धाकट्यास,

अनेक आशीर्वाद लिहायची रीत आहे, पण या खेपेला तेवढी उदार मी नाही. मी मजेत आहे. तुझ्या कृपेने हाती एकही सिनेमा नाही, त्यामुळे झोप भरपूर होते.

तुझ्या सिनेमासाठी घेतलेली बाबांची मुलाखत ताईने मुद्दाम पुसली, असं तू निर्मात्यांना सांगत सुटलायस. त्यातल्या दोघांनी मला कामावरून काढलं. वीस वर्षं कॅमेरा खांद्यावर वाहून कमावलेलं नाव तू दोन फोनांत मातीत घातलंस. दिग्दर्शक म्हणून इतकं झटपट काम तुझ्या हातून पहिल्यांदाच झालं.

मुलाखत पुसलेली नाही, ती चित्रितच झाली नाही. कॅमेऱ्याचं मेमरी कार्ड बिघडलं ही माझी थाप होती. रेकॉर्डचं बटण एकच असतं, दाबलं की सुरू, पुन्हा दाबलं की बंद. त्या सकाळी ते माझ्याकडून एकदा जास्त दाबलं गेलं. रेकॉर्डिंग चालू असल्याचं दाखवणाऱ्या लाल दिव्यावर मीच चिकटपट्टी लावली होती, बाबा सारखे त्याच्याकडे बघत होते म्हणून. मग सगळं उलटंच झालं, मुलाखत चालू असताना कॅमेरा बंद आणि 'कट' म्हटलं की सुरू. अशी चूक नवशिक्याने केली असती तर मी त्याला हाकलून दिलं असतं. लाज वाटली, म्हणून खोटं बोलले.

पण 'कट'नंतरचं सगळं आहे. कॅमेरा खाली वळवून मी खिडकीवर बाहेरून कापड लावायला गेले, तेव्हा तू बाबांना पढवत होतास, "आईच्या आजारपणात ताई फिरकलीच नाही, असं म्हणा. गोष्ट सरळ होते."

बाबा म्हणाले, "आली होती रे. मी आत दाराशीच उभा होतो, रागात. अजून एकदा बेल वाजवली असती, तर उघडलं असतं."

पुढच्या टेकला मात्र ते तुझं वाक्य बोलले, माझ्याकडे बघत. मी आले होते हे त्यांना ठाऊकच नाही, असं समजून मी मुकाट्याने फोकस सांभाळत राहिले.

बाबा गेल्यापासून हे रोज ऐकते आणि तुझ्यावर दात-ओठ खाते. ते सोपं आहे. खरं हे, की मी बेल एकदाच वाजवली. खाली गाडी थांबवून ठेवली होती, दुपारी शूटिंग होतं. दार उघडलं नाही याचं मला बरंच वाटलं.

सोबत तो शॉट पाठवते आहे. त्यात बाबांचा गुडघा आणि खुर्चीचा पाय दिसतो. इतका वाईट शॉट मी जन्मात घेतला नाही. सिनेमात घालायचा तर अख्खा घाल, तुझ्या आवाजासकट.

उत्तर पाठवू नकोस. घरी येऊही नकोस. आलास तर मी दार उघडेन की नाही, माझं मलाच सांगता येत नाही.

बाबांवर गेलेली,
तुझी ताई