शेवटच्या रांगेतली खुर्ची

मी, धाकू रामजी पालव, वय ६६, कारखान्याच्या प्रेस शॉपमधून निवृत्त झालेला फिटर, राहणार मुलुंड पूर्व, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने व स्वतःच्या मर्जीने लिहीत आहे. डोके ठिकाणावर आहे. डॉक्टरांचा तसा दाखला सोबत जोडला आहे. कान मात्र ठीक नाहीत. त्याबद्दल कलम ४ मध्ये लिहिले आहे. यापूर्वी मी मृत्युपत्र केलेले नाही.

माझी पत्नी सुगंधा, नाटक-सिनेमातली अभिनेत्री, गेल्या वर्षी २१ नोव्हेंबरला वारली.

कलम १. राहते घर व बँकेतली शिल्लक मुलगा विद्याधर याला. घर तिच्या कमाईचे आहे. त्या वेळी सोसायटीच्या कमिटीला नाटकातली बाई सभासद म्हणून नको होती, म्हणून कागद माझ्या नावावर झाले. दारावरच्या पाटीवरही पंचवीस वर्षे माझेच नाव राहिले. ते काढून 'सुगंधा पालव' अशी पाटी लावावी. पितळेची अक्षरे मी कापून ठेवली आहेत. कपाटात खालच्या खणात मिळतील.

कलम २. माझ्या कानशी, हातोड्या व मोजमापाचे वर्निअर सुगंधाच्या नाट्यसंस्थेत सेट उभारणाऱ्या मंडळींना द्यावे. त्यांचे दरवाजे नीट बंद होत नाहीत.

कलम ३. मी कोळ्याची मुलगी केली म्हणून थोरले बंधू मार्तंड यांनी आम्हाला गणपतीला गावच्या घरी येऊ दिले नाही. मात्र टीव्हीवर तिचा सिनेमा असला की ते दार लावून बघत, असे वहिनींनी मला सांगितले आहे. आमचा टीव्ही त्यांना द्यावा. त्यांनी दार उघडे ठेवून बघावा.

कलम ४. सुगंधा वेसाव्याची. आई मथुराबाईंच्या शेजारी बसून ती बाजारात हाक द्यायला शिकली. तिचा आवाज न फाटता लांब जायचा. गिरणी कामगारांच्या नाटकांत तिने सुरुवात केली, पुढे गुणाजी सातार्डेकर यांच्या नाट्यसंस्थेत बावीस वर्षे काम केले. सिनेमे एकतीस. त्यांत ती बहुतेक आईच असे, पण एक आई दुसरीसारखी नसे. एका सिनेमात मुलाचे पत्र वाचून झाल्यावर ती नुसते भांडे पुसत राहते. ते चित्रीकरण चालू असताना मी तिथे होतो. चित्रीकरण थांबल्यावरही दिवे धरणाऱ्यांनी दिवे खाली घेतले नाहीत.

नाटकात आमचा एक नेम होता. मी शेवटच्या रांगेत, दारावरच्या लाल दिव्याजवळच्या खुर्चीत बसायचे. शब्द ऐकू आला नाही तर उभे राहायचे. मला उभे पाहिले की ती आवाज चढवी.

१९७९ नंतर मी वरचेवर उभा राहू लागलो. तिचे वय झाले, आवाज बसत चालला, असे मला वाटे. १९८४ साली मुलुंडच्याच एका प्रयोगात मी सात वेळा उभा राहिलो. ती अक्षरशः ओरडून बोलली. लोक हसले. नंतर रंगपटात गुणाजी तिला म्हणाले, "बाई, हे नाटक आहे, मासळीबाजार नाही."

ती म्हणाली, "बाजारात मागच्या गिऱ्हाइकाला पण ऐकू जातं, गुणाजी. तुमच्या नाटकात जात नव्हतं वाटतं."

पुढच्या प्रयोगाला तिच्या जागी दुसरी बाई होती. 'सुगंधाबाई आता नुसत्या ओरडतात' असे सगळीकडे झाले. ती पुन्हा रंगमंचावर गेली नाही.

यंदा जानेवारीत विद्याधरने माझे कान तपासून घेतले. डॉक्टर म्हणाले, "आजोबा, हे आजचं नाही. सात-आठ वर्षं तरी झालीत." तीस वर्षे मी कारखान्यात पत्रे ठोकणाऱ्या त्या प्रेसच्या दणक्यात उभा होतो. तिचा आवाज बसलाच नव्हता.

तिची शिष्या मालन हिला मी हे सांगितले. ती म्हणाली, "काका, बाईंना ठाऊक होतं."

"मग बोलली का नाही?"

"मी म्हटलं होतं, सांगा ना त्यांना. तर म्हणाल्या, 'गप गं. कळलं तर खुर्ची सोडतील. मग मी बोलू कोणाशी?'"

कलम ५. सुगंधाची रंगपेटी व नाटकातली लुगडी मालनला द्यावीत. त्याबदल्यात तिने एक काम करावे. माझे दिवसकार्य झाल्यावर संस्थेच्या तालमीच्या हॉलमध्ये, सर्व नटमंडळींसमोर, कलम ४ वाचून दाखवावे. गुणाजी हजर असावेत. दोष माझ्या कानांचा होता, तिच्या गळ्याचा नव्हता, हे त्यांना कळले पाहिजे. मी हे जिवंतपणीच सांगायला हवे होते. तीनदा गेलो आणि चहा पिऊन परत आलो. चार माणसांत बोलणे मला जमत नाही. आमच्या घरात ते काम तिचे होते.

वाचताना मालनने आवाज चढवू नये. बाईंनी शिकवले तसे साधे वाचावे. विद्याधरने शेवटच्या रांगेत बसावे. ऐकू येत असेल तर बसूनच राहावे.

धाकू रामजी पालव यांनी आमच्यासमोर सही केली व त्यांच्यासमोर आम्ही केली.

साक्षीदार:
१. डॉ. नलिनी केळुसकर, सोबतचा दाखला देणाऱ्या डॉक्टर
२. बाळा लहू तांडेल, शेजारी

सही: धाकू रामजी पालव
मुलुंड, दिनांक ९ ऑगस्ट १९८७