जवळ्याची चौदावी गोण आणि छापणारं मशीन

दिघी, मंगळवार

मशीन मी आपटलेलं न्हाय. हे पहिलं सांगते, म्हंजे फेरीबोटीतनं उतरणाऱ्या माणसांना तू विचारत बसू नको. टेबलावरनं पडलं न्हाय, पाण्यात गेलं न्हाय, कुणाची दृष्ट लागली न्हाय (आपल्या ओट्यावर मांजरं सोडून बघायला येतं कोण). ते आपणहून बिघडलं आणि आता चालतंय. तू विचारलं न्हायस, तरी सांगितलं.

चि. मैना हिला शकूबायचा आशीर्वाद. इकडे सगळी खुशाल, तिकडे आगरदांड्याला तुम्ही पण असाल. तुझा गुडघा कसा हाय? साखर तपासलीस का? तपासली नसशील. फोन करणार होते, पण तू उचलत न्हायस आणि मी दोनदा करत न्हाय, म्हणून लिहायला बसले. रंगू उद्या टोपली घेऊन पलीकडे येतेय, तिच्याबरोबर देते. तिच्यासमोर वाचू नको, तिला वाचता येत न्हाय पण तोंड बघून सगळं कळतं.

त्या गोणीचं मी काही काढणार न्हाय. अकरा महिने झाले, संपलं. तू तिकडे जवळा सुकवायचा, गोणी भरून फेरीतनं पाठवायच्या, मी इकडे वजन करून टेम्पोत चढवायच्या, असं आपलं बारा वर्षं चाललेलं. त्या दिवशी तू म्हणालीस चौदा गोणी, दोनशे साडेसदुसष्ट किलो. बेरीज करून मशीन म्हणालं दोनशे सत्तेचाळीस किलो सातशे. टेम्पो गेलेला, मोजायला गोणी न्हायत. वीस किलोचा फरक म्हंजे एक गोणच की. मी म्हणाले तेराच आल्या, एक तू ठेवलीस. तू जेट्टीवर सगळ्यांसमोर पदराची गाठ सोडलीस आणि चौदा चिंचोके हातावर मांडलेस, गोणीमागे एक. मी म्हणाले, चिंचोके काय, झाडाखाली ढिगानं पडलेत. तू बोटीत बसलीस, वळून बघितलं न्हायस. शिमग्याला आली न्हायस, नारळी पुनवेला आली न्हायस. ते जाऊ दे. हे पत्र मशीनचं हाय.

ते मशीन आणलं तो दिवस आठवतो का तुला? नऊ वर्षं झाली. दुकानदारानं खोक्यातनं काढलं तेव्हा आपण दोघी हात मागे बांधून उभ्या होतो, जसं काय चावेल. त्यानं सात अधिक सात मारलं आणि मशीननं खर्र करून जिभेएवढा कागद बाहेर काढला, त्याच्यावर चौदा. तू पहिला नमस्कार केलास, मी न्हाय (मी मनात केला). आणि वजा केलं की लाल छापतं. आपण दोघींनी आयुष्यभर वजाबाकी केली, कधी लाज वाटली न्हाय, मशीनला वाटते. मी चौथी शिकलेली, तू तिसरीतनं उठलेली, त्यानं कधी विचारलं न्हाय. गिऱ्हाईक मोठं असो न्हायतर पावशेरवालं असो, आकडा तोच. मला कौतुक करायला जमत न्हाय, पण नऊ वर्षं रोज सकाळी ते खर्र ऐकलं आणि रोज मी हातातलं काम थांबवून एकदा बघितलं, हे खरं हाय.

तर बिघडायला सुरवात झाली दसऱ्याला. सूनबाई रुचिता हौशी, तुला ठाऊक हाय. वजनकाट्याला हार, बर्फाच्या पेटीला हार, मशीनला पण हळद, कुंकू, अक्षता आणि वर झेंडू. मी सांगितलं ते कामाचं हाय, त्याला नवरदेव करू नको. ऐकतंय कोण. दुसऱ्या दिवशी कागद निघेना. आतल्या आत चुण्या पडून शेवेसारखा गोळा झालेला. मी आकड्यानं (केसातल्या) उपसला तर आतनं झेंडूच्या एकवीस पाकळ्या निघाल्या, ओळीनं, कागदाबरोबर छापलेल्या. एका पाकळीवर सव्वाचारशे. पाकळ्या निघाल्या पण आठाचं बटण दाबेना, खाली अक्षतेचा दाणा बसलेला. तीन दिवस मी कुणाला आठ किलो विकलंच न्हाय. साडेसात घ्या न्हायतर नऊ घ्या. लोकांनी घेतलं, मैने. चौथ्या दिवशी दाणा आपोआप निघाला, कसा ते विचारू नको, मशीन उलटं धरून मी थोडं हलवलं होतं (हलवलं, आपटलं न्हाय).

मग शाई. शाई तर वर्षभर फिकीच होती, तुझ्या गोणींच्या वेळेपासून. मी म्हणायचे काचेवर आकडा दिसतो, कागद कशाला बघायचा. पण मार्गशीर्षात कागद कोरा यायला लागला. खर्र वाजतं, जीभ बाहेर येते, जिभेवर काही न्हाय. मुक्या माणसानं तोंड उघडावं तसं. गिऱ्हाईक कोरा कागद घेऊन माझ्याकडे बघतंय, मी गिऱ्हाईकाकडे. रुचितानं मोबाईल बघून सांगितलं की आत शाईचा छोटा रूळ असतो, करंगळीच्या पेराएवढा, तो मागवायचा, चार दिवसांत येतो. शाईसाठी चार दिवस? दाराशी समुद्र हाय. त्या दिवशी पाटीत माकूळ आलेलं, चांगलं हातभर, शाईची पिशवी भरलेली. पिशवी फोडली, रूळ त्याच्यात घोळवला, परत बसवला आणि मारलं बटण.

मैने, काय अक्षर. तपकिरी, गोल, ठसठशीत, लग्नपत्रिकेसारखं. मी खाली बसले. ज्या दर्यानं जवळा दिला त्यानंच त्याचं वजन लिहिलं, असं मला वाटलं, आणि मला असलं काही वाटत न्हाय कधी. दोन दिवस मी साऱ्या वाडीला दाखवलं. तिसऱ्या दिवशी वास सुटला. गिऱ्हाईक चिठ्ठी खिशात घालून निघालं की मागनं मांजर निघायचं. श्रीवर्धनच्या एका खानावळवाल्यानं माझ्या आठवड्याच्या चिठ्ठ्या खिळ्याला लावलेल्या, त्या बोक्यानं खाल्ल्या, खिळा राहिला. तो फोनवर म्हणतो, मावशे, तुझं बिल मांजरानं चुकतं केलं. पाचव्या दिवशी ती शाई आत डिंकासारखी वाळली, चाकं चिकटली, काचेवर नुसता ई. ई म्हंजे चूक. माझी म्हणत होतं का स्वतःची, ते सांगत न्हाय ते. मी सी दाबलं, ई गेला, परत आला. बंद केलं, चालू केलं, ई. रुचिता म्हणाली, आई, मागे भोक हाय, त्यात पिन घाला. पिन घातली. ई पण गेला आणि उजेड पण गेला. नऊ वर्षांत पहिल्यांदा ते माझ्याकडे बघत नव्हतं.

पिशवीत गुंडाळून एसटीनं श्रीवर्धनला नेलं. गाडीत शेजारची बाई उठून पुढे जाऊन बसली, जाऊ दे. बाजारात दिपेश म्हणून एक हाय, घड्याळं आणि असली मशीनं दुरुस्त करतो. त्यानं झाकण उघडलं आणि मान मागे घेतली. म्हणाला, आजी, यात मेलंय काय? मी म्हटलं, काही मेलेलं न्हाय, माकूळ हाय. मग त्यानं चिमट्यानं एकेक चाक काढून फडक्यावर मांडलं. मैने, तू बघायला हवी होतीस. तांदळाएवढी चाकं, प्रत्येकाच्या कडेवर शून्य ते नऊ कोरलेले, मुंगीच्या पायासारखे दात, एकात एक अडकलेले. ती सगळी फिरतात आणि बरोबर त्या आकड्यावर थांबतात, अंधारात, कुणी बघत नसताना. मी जेवणवेळेपर्यंत स्टुलावर बसून होते. त्यानं विचारलं, आजी, घाई न्हाय का? मी न्हाय म्हटलं. मी जन्मात कुणाला घाई न्हाय म्हटलेलं आठवतं का तुला?

त्यानं नवा रूळ घातला, कापसाच्या काडीनं स्पिरिट लावून आत पुसलं आणि मला बोलला. मशीन रॉकेलच्या फडक्यानं पुसायचं न्हाय. रोज घासायचं न्हाय. मऊ ब्रशनं धूळ काढायची, रात्री प्लॅस्टिक घालायचं, खारी हवा लागू द्यायची न्हाय (दिघीला खारी हवा लागू द्यायची न्हाय म्हणतो). तू पण हेच सांगायचीस, बाय, एवढं रगडू नको, ते भांडं न्हाय. तेव्हा मी ऐकलं न्हाय.

मशीन चालू झालं. काळाभोर आकडा. म्हटलं, आलेच हाय तर अजून एक काम करून घ्यावं. तुझ्या गोणींच्या वजनाचा तो कागद मी टाकलेला न्हाय. अकरा महिने देवाच्या फोटोमागे डब्यात ठेवलेला. फिका होऊन होऊन कोरा पडलेला. माझा विचार असा की दिपेशकडनं तो कसा तरी वाचून काळ्या शाईत नीट उतरवून घ्यायचा आणि तुला पाठवायचा, म्हंजे तेरा गोणी तुझ्या डोळ्यांनी मोज आणि गप्प बस. खोटं कशाला सांगू, त्याच्यासाठीच तो बरोबर नेला होता.

दिपेशनं कागद हातात घेतला, खिडकीशी तिरपा धरला. म्हणाला, आजी, शाई नसली तरी ठसा असतो, चाक दाबून जातं. त्यानं बोथट पेन्सिल घेतली आणि कागदावर आडवी, हलक्या हातानं, राख सारवावी तशी फिरवली. आणि आकडे वर यायला लागले. करड्यात पांढरे. एक ओळ, मग दुसरी, मग तिसरी. वर्षभर माझ्या डब्यात कोरा पडलेला कागद, त्याच्यात सगळं होतं, फक्त मला दिसत नव्हतं. मी बोट लावून मोजलं. मग परत मोजलं. मग म्हटलं झालं, दे इकडे, आणि तीनची गाडी पकडली.

तर मशीन आता ठीक हाय. रुचिताला ताकीद दिलीय, येत्या दसऱ्याला लांबनं नमस्कार. बाकी विशेष काही न्हाय. गुडघ्याला तेल लाव. मुलांना आशीर्वाद.

तुझी मोठी बहीण,
शकू

ता. क. पेन्सिल फिरवलेला कागद आत घडी करून ठेवलाय. बोट घासू नको, पुसतो. ओळी चौदा हायत.

ता. क. २. सातवी ओळ बघ. बाकी सगळ्या गोणींना पाव, अर्धा, पाऊण होतं, तिथे मी पॉइंट दाबला. सातवी नीट वीस, लाल सुतळीची, तू हातानं अंदाज घेऊन भरलेली आणि काट्यावर एक दाणा इकडे तिकडे न्हाय म्हणून मिरवलेली. तिला पॉइंट लागला न्हाय. मशीनच्या वर एक सरकतं बटण हाय, ते ए वर गेलं की बिनपॉइंटच्या आकड्यात शेवटची दोन घरं सोडून पॉइंट ते आपणहून घालतं. वीस किलोचे दोनशे ग्रॅम झाले. छापलं पण तसंच, शून्य पॉइंट वीस, माझ्या नाकासमोर, पण शाई न्हाय आणि माझी नजर काट्यावर. ते बटण ढिलं झालंय, दिपेश म्हणाला, फडकं लागलं तरी सरकतं. त्या दिवशी सकाळी फडकं कुणी मारलं होतं, ते मी लिहीत न्हाय. दुसऱ्या सकाळी फडक्यानंच ते परत जागेवर गेलं असणार. सगळ्यात बरोबर भरलेली गोण तीच, आणि तीच गेली. मशीन खोटं बोललेलं न्हाय. चिंचोके पण न्हाय.

ता. क. ३. बटणावर मी चिकटपट्टी लावलीय. पण पट्टीचा काय भरवसा. नवा जवळा वाळत आला असेल तुझा. या खेपेला गोणींबरोबर तू ये, आणि वजन होईपर्यंत मशीनच्या शेजारी बस. चिंचोके आण. तेच चौदा ठेवले असशील तर ते आण, मी डबा रिकामा केलाय. जेट्टीवर तेव्हा जी माणसं होती ती सगळी गुरुवारी सकाळी असतात, मी पण असेन. तिथे मी काय बोलेन ते तिथेच ऐक, याच्यापुढे मी एक अक्षर लिहिणार न्हाय.