नदीपलीकडच्या लोकांविषयी, घाईघाईने

डॅन्यूबकाठच्या छावणीतून

तीर्थरूप वेट्टियुसमामांच्या चरणी भाचा ऑफिलियुसचा दंडवत.

मामा, घरचे देव तुम्हाला सुखात ठेवोत. पायाच्या अंगठ्याची सूज उतरली का? (मामी म्हणतात तशी दारू सोडू नका, पण निदान पाणी जास्त घालत जा.) तुम्ही पाठवलेला ऑलिव्हचा बुधला पोचला; इथलं खारवलेलं डुक्कर त्याच्यामुळेच घशाखाली उतरतं. वडील गेल्यापासून तुम्हीच मला पोसलंत, शिकवलंत, आणि आता रोममधल्या बड्या मंडळींना मेजवानी देऊन, खुद्द सेनापतीसाहेबांना बोलावून, मी लिहिलेला नदीपलीकडच्या लोकांचा इतिहास स्वतःच्या तोंडाने वाचून दाखवणार आहात. हे उपकार मी कुठे फेडू?

तर झालं असं. ग्रंथ तुमच्याकडे रवाना केला आणि मनात आलं, इतकं लिहिलं खरं, पण त्या लोकांपैकी एखादा तरी बघून ठेवावा; मेजवानीत कुणी विचारलंच तर पंचाईत नको. (माझी सगळी माहिती छावणीबाहेरच्या एका तेलाच्या व्यापाऱ्याकडून मिळालेली. तो स्वतःही कधी पलीकडे गेला नव्हता, पण सांगायचा फार छान.) म्हणून होडी केली. ती मधोमध उलटली. होडीवाला पोहत आपल्या काठाला लागला आणि मी त्यांच्या. मानगुटीला धरून मला बाहेर काढलं ते वादो नावाच्या एका आडदांड गड्याने.

त्याने घरी नेऊन अंगावर लोकर टाकली, खायला घातलं. पुन्हा घातलं. घरातलं संपेपर्यंत घातलं. मग भाला उचलला आणि मला पुढे घालून शेजारच्या घरी नेलं. तिथेही तेच, आणि तिथून निघालो तर भालेवाले दोन. पुढच्या घरातून तीन. मामा, माझी तर पाचावर धारण बसली! मीच लिहून ठेवलंय ना, की हे लोक परक्या माणसाला लठ्ठ करून देवापुढे कापतात म्हणून! पहारा वाढतोय, पोट वाढतंय, म्हणजे मुहूर्त जवळ आला. चौथ्या घरी मी तोंड मिटून बसलो. घास घेईना.

तेव्हा त्या घरची म्हातारी, आवा, कमरेवर हात ठेवून पुढ्यात उभी राहिली. (बाई आपल्या छावणीच्या बाजारात हंस विकते, त्यामुळे आपली भाषा, विशेषतः शिव्या, अस्खलित.) म्हणाली, "काय रे मेल्या, त्या तिघांच्या घरचं चाललं, आणि माझ्याच हातचं गोड लागत नाही होय?" मी रडत विचारलं, आजी, मला कापणार कधी? तिला आधी कळेचना. कळलं तेव्हा हसता हसता ती मटकन खालीच बसली. इथली रीतच अशी, मामा. पाहुण्याला वाढायला घरात काही उरलं नाही, की यजमानाने त्याला शेजारी घेऊन जायचं आणि आपणही तिथेच जेवायचं. भाला काय, हे लोक शेळी बांधायला जातानाही घेतात. पहारेकरी कसले, माझ्यापायी रिकाम्या पोटाने फिरणारे यजमान होते ते! त्यांची हिवाळ्याची बेगमी मी फस्त केली, आणि एकाच्याही कपाळाला आठी नाही. उलट निघताना आवाने हंसाच्या पिसांची उशी दिली आणि म्हणाली, "डोक्याखाली घे, डोकं नाजूक दिसतंय तुझं." वादोने स्वतः होडीतून आणून सोडलं. इतकी माया मला तुमच्या घराबाहेर कुठे मिळाली नव्हती. लिहितानाही डोळे भरून येतात.

मामींना नमस्कार.

तुमचाच,
ऑफिलियुस

ता.क. मेजवानी झाली नसेल तर ग्रंथ चुलीत घाला. त्याच्या शेवटी मी लिहिलंय, की पाहुणा म्हणजे काय ते या लोकांना ठाऊक नाही आणि फौज पाठवल्याशिवाय ते माणसात यायचे नाहीत. सेनापतीसाहेब अशाच वाक्याची वाट बघतायत, आणि नदी उतरल्यावर पहिलं घर वादोचं लागतं.

दुसरा ता.क. वाचून झाला असेल आणि लोकांनी माना डोलावल्या असतील, तर (कुठल्या वाक्याला डोलावल्या ते जरूर कळवा) भर सभेत उभे राहा आणि सांगा, की माझा भाचा पक्का थापाड्या आहे, न बघितलेलं छातीठोकपणे सांगतो. घरात तुम्ही हे नेहमीच म्हणता, मामा. माझ्यासाठी एकदा बाहेर म्हणा.